पॅरिसमध्ये लुटलेल्या चित्रांच्या मागावर: आमचे चार दिवस आणि जाणाऱ्यांसाठी थोडी माहिती

२०२४ च्या मार्चमध्ये मी आणि ताई पॅरिसला जाऊन आलो. ताईनं ३० वर्षं शाळेत चित्रकला शिकवली, आणि तिनं इथूनच ठरवून टाकलेलं की आयफेल टॉवर लांबून बघितला तरी चालेल, पण १९४० ते ४४ मध्ये जर्मनांनी पॅरिसच्या ज्यू घरांमधनं जी चित्रं उचलून नेली त्यांच्यासाठी पूर्ण दिवस द्यायचे. याची अशी टूर कोणी काढत नाही, सगळं आपलं आपणच जुळवावं लागतं, म्हणून सविस्तर लिहितेय.

सुरुवात ज्य द पोमपासून करा. काँकॉर्द मेट्रोला उतरलं की त्विलरी बागेच्या कोपऱ्यातच ती इमारत आहे. आता तिथं फोटोग्राफीची प्रदर्शनं असतात, सोमवारी बंद. युद्धात हेच जर्मनांचं गोदाम होतं. रोथशिल्ड, दाव्हिद-व्हेइल, चित्रांचे व्यापारी पॉल रोझेनबर्ग अशा २०० च्या वर ज्यू संग्राहकांचा माल, जवळपास २२,००० वस्तू, फ्रान्समधनं लुटून नोंदवला गेला आणि त्यातला बहुतेक याच इमारतीतनं पुढं गेला. हिटलरचा जवळचा मंत्री गोरिंग स्वतः कितीतरी वेळा इथं येऊन आपल्याला हवं ते निवडून घेऊन जायचा. प्रत्येक मालकाला एक कोड, म्हणजे रोथशिल्डला आर. आणि ज्यांचा मालक कोण हेच माहीत नाही त्या मालावर यूएनबी, जर्मन भाषेत ‘अज्ञात’. हा कोड वाचला तेव्हा ताई म्हणाली, "अगं, घरातनं उचलून आणलं ना, मग अज्ञात कसा?"

तिथंच रोझ व्हालां नावाची एक बाई काम करायची. तिला जर्मन कळतं हे त्या लोकांना माहीतच नव्हतं, ती गप्प राहून ऐकायची आणि कुठलं चित्र कुठल्या ठिकाणी पाठवलं ते चोरून लिहून ठेवायची, चार वर्षं. पकडली गेली असती तर जीवच गेला असता. १९४४ च्या ऑगस्टमध्ये चित्रांचे १४८ खोके भरलेली रेल्वे जर्मनीला निघालेली, ती पॅरिसच्या बाहेरच अडकून पडली ते हिनं वेळेत कळवलं म्हणून, आणि ती गाडी ज्या फ्रेंच सैनिकांनी ताब्यात घेतली त्यांचा अधिकारी होता पॉल रोझेनबर्ग यांचा मुलगा अलेक्झांडर! स्वतःच्या बापाची चित्रं त्या डब्यात. व्हालांच्या नावाची पाटी इमारतीच्या बाहेरच्या भिंतीवर आहे, तिकीट काढायची गरज नाही. लोक शेजारून आइसक्रीम खात जातात, आम्ही मात्र बराच वेळ उभ्या होतो.

लूव्र मंगळवारी बंद असतं, आणि वेळेचं ऑनलाइन बुकिंग केल्याशिवाय जाऊ नका. आत गेल्यावर गर्दी मोनालिसाकडं पळते, तुम्ही उलट रिशलिय विंगचा दुसरा मजला गाठा. (काही दालनं ठरावीक दिवशी बंद असतात, ते वेळापत्रक वेबसाइटवर टाकतात.) तिथं डच चित्रकार व्हर्मीरचा ‘खगोलशास्त्रज्ञ’ आहे, अगदी छोटं चित्र, आपल्या भिंतीवरच्या कॅलेंडरएवढं म्हणा ना. हे एदुआर द रोथशिल्ड यांच्या घरचं, १९४० मध्ये नेलं, हिटलरच्या लिंझमधल्या नियोजित म्युझियमसाठी. मागच्या बाजूला काळ्या शाईत स्वस्तिकाचा छोटा शिक्का मारलाय म्हणे, तो आपल्याला दिसत नाही, पण तो तिथं आहे हे माहीत असताना समोरची ती ग्लोबवर टेकलेली बोटं बघणं फार वेगळं वाटतं. युद्ध संपल्यावर ते घरच्यांना परत मिळालं, लूव्रमध्ये आलं ते १९८३ मध्ये.

आणि चित्रांखालची लेबलं वाचत चला. नंबराच्या आधी एमएनआर अशी अक्षरं दिसली की थांबा, युद्धानंतर परत आलेल्या पण मालकांकडं न पोचलेल्या वस्तूंची ती खूण आहे. जर्मनीतनं फ्रान्सला साधारण ६१,००० वस्तू परत आल्या, त्यातल्या ४५,००० मालकांना दिल्या, आणि उरलेल्यांपैकी निवडक २,००० च्या वर अजून म्युझियमांकडं सांभाळायला आहेत. सरकार त्यांचं मालक नाही, वारस आले तर द्यायच्या. सगळ्याच लुटलेल्या असतील असं नाही, काही युद्धात विकल्या गेलेल्या पण आहेत, त्याचाच शोध चालू असतो. ताईनं वहीत एकेक नंबर उतरवून घेतला, रोझ व्हालां यांच्याच नावाचा सरकारी डेटाबेस आहे त्यात रात्री हॉटेलवर शोधता येतो, मोफत.

म्यूझे दोर्से या म्युझियमबद्दल (सोमवारी बंद) मी जरा पटकन सांगते. ऑस्ट्रियन चित्रकार क्लिम्टचं गुलाबाच्या झाडांचं चित्र तिथं शोधू नका. व्हिएन्नाच्या नोरा स्टियास्नी या ज्यू बाईला १९३८ मध्ये ते कवडीमोलानं विकावं लागलं, पुढं नाझींनी तिचा जीव घेतला, आणि २०२२ मध्ये फ्रान्सनं खास कायदा करून ते तिच्या वारसांना दिलं. चित्रकार एदुआर माने यांचा बासरीवाला पोरगा मात्र बघाच, ती इझाक द कामोंदो यांनी देशाला दिलेली भेट आहे. ते आडनाव लक्षात ठेवा.

कारण पुढचं ठिकाण म्हणजे मोंसो बागेजवळचं निसिम द कामोंदो म्युझियम, इझाकचे चुलतभाऊ मोईझ यांचं घर. मूळचे इस्तंबूलचे बँकर. एकुलता मुलगा निसिम १९१७ मध्ये फ्रान्ससाठी लढताना विमानात मारला गेला, आणि मोईझनं सगळं घर, वस्तूंसकट, मुलाच्या नावानं देशाला देऊन टाकलं. आम्ही सगळ्यात जास्त वेळ इथं घालवला. स्वयंपाकघरातली ती अवाढव्य लोखंडी चूल, तांब्याची भांडी, पक्ष्यांची चित्रं काढलेल्या सेव्रच्या चिनी मातीच्या प्लेटांची एक अख्खी खोली. सगळं जिथल्या तिथं. आणि येण्याजाण्याच्या वाटेवरच पाटी आहे: मोईझची मुलगी बेआत्रिस, जावई लेओं रेनाक, नातवंडं फॅनी आणि बेर्त्रां, चौघंही ऑशविट्झच्या नाझी मृत्युछावणीत गेली. ज्या देशाला घर दिलं त्याच देशाच्या पोलिसांनी मदत केली. मला तिथं रडू आलं, खरं सांगते.

चित्रकार रन्वारनं १८८० मध्ये रंगवलेली निळ्या रिबिनीची छोटी इरेन माहितीय ना, ती बेआत्रिसची आई. ते चित्र बेआत्रिसच्या घरचं, १९४१ मध्ये नेलं. लेओंनी पत्र लिहून आमच्या घराण्यानं फ्रान्सला काय काय दिलंय याची आठवण करून दिली, काही उपयोग झाला नाही. इरेन स्वतः वाचली, १९४६ मध्ये तिला ते परत मिळालं, तोवर मुलगी आणि नातवंडं गेलेली. नंतर तिनं ते विकलं, आता ते झुरिकमध्ये असतं. कामोंदो म्युझियम आमच्यानंतर दुरुस्तीसाठी बंद केलं होतं, तेव्हा आधी वेबसाइट बघा.

शेवटी मारे भागातलं शोआ मेमोरियल (शोआ म्हणजे नाझींनी केलेला ज्यूंचा संहार), साँ-पोल मेट्रो, प्रवेश फुकट. शनिवारी बंद, आम्ही नेमक्या शनिवारी गेलो आणि रविवारचा बेत मोडून पुन्हा जावं लागलं, तेव्हा तुम्ही तरी तारीख बघून ठेवा. अंगणात फ्रान्समधनं छावण्यांत पाठवलेल्या ज्यूंची ७६,००० नावं कोरलेली भिंत आहे, नावासमोर जन्मसाल. नावं छावणीत पाठवलं त्या वर्षांप्रमाणं लावलीत, हे आधी माहीत करून घ्या नाहीतर सापडत नाहीत. लेओं आणि मुलांना १९४३ मध्ये नेलं, बेआत्रिसला १९४४ मध्ये, त्यामुळं आई आणि मुलं एका भिंतीवर जवळ नाहीत. मी १९४३ पाशी उभी राहिले, ताई पुढं १९४४ कडं गेली, आणि तिथनं तिनं मला हात केला.