आठवड्यातून एकच मॅच

गेल्या महिन्यात डाव्या गुडघ्याचा एमआरआय काढला. डॉक्टर म्हणाले, "गादी झिजलीय. जिना कमी करा, पळणं बंद."
"आणि रविवारचं फुटबॉल?"
त्यांनी उत्तरच दिलं नाही. बायकोकडे बघून मान हलवली, तिनेही हलवली. विषय संपला.

रिक्षातून घरी येताना मला लेडली किंग आठवला, लंडनच्या टॉटनहॅम क्लबचा आणि इंग्लंडचा डिफेंडर.

हे नाव आता फारसं कुणाच्या तोंडी नसतं. पेठेत वाढलेल्या आमच्या पिढीला इंग्लंडचा डिफेंडर म्हटलं की जॉन टेरी. आमच्या कोल्हापुरात सेंटर बॅकला, म्हणजे गोलसमोरच्या मधल्या डिफेंडरला, स्टॉपर म्हणतात. इथे फुटबॉलच्या टीम तालमींच्याच, आणि आमच्या तालमीची शिकवण एकच होती: बॉल गेला तर जाऊ दे, माणूस जाता कामा नये. मी बारा वर्षं तसंच खेळलो. कार्डं किती खाल्ली ते विचारू नका.

2004 ची युरो, म्हणजे युरोपातल्या देशांची स्पर्धा. लिस्बनमध्ये इंग्लंड विरुद्ध फ्रान्स, आपल्याकडे रात्री सव्वाबारा. टेरी जायबंदी, म्हणून त्याच्या जागी हा 23 वर्षांचा पोरगा. समोर थिएरी ऑन्री, तेव्हाचा जगातला सगळ्यात भीतीदायक फॉरवर्ड. मी म्हटलं, आज याचं काही खरं नाही. आणि हा गडी ऑन्रीला हातसुद्धा न लावता त्याच्या पायातून बॉल काढून घेत होता. शर्ट ओढणं नाही, कोपर नाही, आरडाओरडा नाही. नव्वदाव्या मिनिटापर्यंत इंग्लंड 1-0 पुढे, मग फ्रान्सच्या झिदानने इंज्युरी टाइममध्ये दोन गोल मारून सगळ्यावर पाणी ओतलं. सकाळी बँकेत सगळे झिदानबद्दल बोलत होते, मी एकटा किंगबद्दल. पुढे ऑन्रीनेच सांगितलं की न धरता, न ओढता बॉल काढून घेणारा डिफेंडर हाच.

गंमत म्हणजे त्या रात्री किंगच्या शेजारी सोल कॅम्पबेल होता. टॉटनहॅमचा कॅप्टन असलेला कॅम्पबेल 2001 मध्ये फुकटात थेट आर्सेनलला, म्हणजे टॉटनहॅमच्या कट्टर वैऱ्याकडे गेला. टॉटनहॅमवाल्यांना ते अजून पचलेलं नाही. त्याने रिकामी केलेली जागा किंगने भरली. पूर्व लंडनमधल्या बो भागातला हा पोरगा लहानपणी सेनराब नावाच्या क्लबकडून खेळला. टेरीही तिथलाच. मे 1999 मध्ये ॲनफिल्डवर लिव्हरपूलविरुद्ध टॉटनहॅमकडून पहिली मॅच, तेव्हा वय 18. त्यानंतर निवृत्तीपर्यंत दुसऱ्या कुठल्या क्लबचा शर्ट अंगाला लावला नाही.

डिफेंडर असून प्रीमियर लीगमधल्या सगळ्यात झटपट गोलचा विक्रम बरीच वर्षं याच्या नावावर होता. डिसेंबर 2000, ब्रॅडफर्डविरुद्ध, दहा सेकंदांच्या आत. 2019 मध्ये शेन लाँगने तो मोडला.

पण मी लोकांना दाखवतो तो व्हिडिओ 5 नोव्हेंबर 2006 चा. टॉटनहॅम विरुद्ध चेल्सी. चेल्सीचा आर्यन रॉबेन मोकळा सुटलाय, समोर फक्त गोलकीपर. किंग मागून धावतो. रॉबेनच्या मागे धावणं म्हणजे कोयना एक्स्प्रेसच्या मागे सायकल. तरी गाठतो. पेनल्टी बॉक्समध्ये घसरतो. पाय जरा चुकला असता तर पेनल्टी आणि लाल कार्ड. फक्त बॉल काढतो. टॉटनहॅम ती मॅच 2-1 जिंकलं. लीगमध्ये चेल्सीला हरवायला त्यांना सोळा वर्षं लागली होती.

पुढे त्याच्या डाव्या गुडघ्यातली गादी पूर्ण संपली. हाडावर हाड. मॅच झाली की गुडघा टम्म सुजायचा, उतरायला आठवडा जायचा. म्हणून आठवडाभर प्रॅक्टिस बंद. बाकीचे मैदानात, हा जिममध्ये नाहीतर पोहण्याच्या तलावात. मॅचच्या दिवशी बूट घालून थेट मैदानात. आणि तरी बहुतेक वेळा तोच सगळ्यात चांगला खेळायचा.

यावर मी खूप विचार केलाय. प्रॅक्टिसशिवाय वेग राहत नाही, दम राहत नाही. मग राहतं काय? उभं कुठे राहायचं ते. पास निघायच्या आधी दोन पावलं सरकून ठेवली की वीस पावलं धावावं लागत नाही. माझी जी धावपळ लोक टाळ्या वाजवून बघायचे, ती निम्मी आधी चुकीच्या जागी उभं राहिल्यामुळे होती. हे मला चाळिशीनंतर कळलं.

2008 मध्ये वेम्बलीवर चेल्सीलाच हरवून लीग कप जिंकला, तो कॅप्टन किंगने रॉबी कीनबरोबर उचलला. 2010 च्या वर्ल्डकपला इंग्लंडचा कोच कापेल्लोने त्याला नेलं, ती मात्र मला चूक वाटते. अमेरिकेविरुद्धच्या पहिल्याच मॅचला मध्यंतरात जांघेच्या दुखापतीने बाहेर, आणि इंग्लंडकडून तीच शेवटची. एकूण 21 सामने. एवढ्या खेळाडूला एकवीस! जुलै 2012 मध्ये, वयाच्या एकतिसाव्या वर्षी, त्याने बूट ठेवले.

"बिचारा" म्हणणारे भेटतात. मला नाही तसं वाटत. टॉटनहॅमकडून तीनशेच्या वर मॅचेस झाल्या की त्याच्या.

मला डॉक्टरांनी पोहायला सांगितलंय. रंकाळ्याच्या काठावर जन्म गेला, पण पोहायला कधी शिकलो नाही. सोमवारपासून सकाळी सहाच्या बॅचला जातोय. बाकी सगळी पोरं आठ-नऊ वर्षांची आहेत, आणि त्यातलं एक मला रोज विचारतं, "काका, आज तरी दांडी सोडणार का?"