स्वीडिश मीटबॉल: दडस होऊ नयेत म्हणून, आणि सॉस फुटू नये म्हणून

स्वीडिश मीटबॉल घरी केले की दोनच तक्रारी पुन्हापुन्हा ऐकू येतात: गोळे दडस झाले, नाहीतर सॉस फुटला. गोळे दडस झाले की सगळे खिम्याला नावं ठेवतात. पण चूक बहुतेक वेळा ब्रेडच्या चुऱ्यात असते. चुरा कोरडाच मिसळलेला असतो, किंवा दुधात पुरेसा भिजलेला नसतो.

चुऱ्यापासूनच सुरुवात करू. ४० ग्रॅम साधा, मसाला नसलेला ब्रेडचा चुरा १२० मिली दुधात कालवून १० मिनिटं ठेवा. थोडं क्रीम असेल तर दुधातलं ३० मिली कमी करून तेवढं क्रीम घाला. दहा मिनिटांनी चुरा पातळ लापशीसारखा दिसायला हवा आणि बोटांत दाबला तर एकही कण टोचता कामा नये. हा भिजलेला चुरा खिम्यातल्या प्रथिनांना एकमेकांना घट्ट धरू देत नाही, शिवाय शिजताना सुटणारा रस धरून ठेवतो. कोरडा चुरा याच्या उलट वागतो, खिम्यातलंच पाणी ओढून घेतो.

खिमा ५०० ग्रॅम. स्वीडनमध्ये बीफ आणि पोर्कचा मिश्र खिमा दुकानात तयार मिळतो. त्याला ब्लांडफॅर्श म्हणतात आणि तो घ्यावाच. बीफ चव देतं, पोर्क चरबी देतं. १५ ते २० टक्के चरबी हवी, त्याहून कमी असली तर बाकी सगळं नीट करूनही गोळे कोरडे लागतात. महाराष्ट्रात करणार असाल तर पोर्क आणि मटण निम्मंनिम्मं चांगलं जमतं. चिकनच हवं असेल तर मांडीचं घ्या, छातीचं नको.

एक मध्यम कांदा अगदी बारीक चिरून लोण्यावर मंद आचेवर पारदर्शक होईपर्यंत परता आणि पूर्ण गार करा. कच्चा, जाड चिरलेला कांदा पाणी सोडतो आणि गोळा नेमका तिथेच फुटतो.

आता खिम्यात दीड टीस्पून मीठ घालून मिनिटभर हाताने मळा, म्हणजे तो जरा चिकट होतो आणि गोळे नीट बांधले जातात. मग भिजलेला चुरा, कांदा, एक अंडं, पाव टीस्पून पांढरी मिरपूड आणि अर्धा टीस्पूनहून थोडी कमी ऑलस्पाइसची पूड घालून एकजीव होईल एवढंच मिसळा. त्यापुढे मळत राहिलात तर सॉसेजसारखा रबरी पोत येतो. ऑलस्पाइस आपल्याकडे बऱ्याचदा कबाबचिनी या नावाने विकतात. गोल, मिरीहून मोठे, बिनशेपटीचे दाणे बघून घ्या. शेपटी असलेले दाणे म्हणजे कंकोळ, त्याची चव वेगळी.

आलं-लसूण, मिरची, गरम मसाला यातलं काहीही घालू नका. एवढा आग्रह धरण्याचं कारण असं की या पदार्थाची मजा लोणी, मांस आणि ऑलस्पाइसच्या हलक्या सुगंधात आहे. लसूण पडला की तो चांगला कोफ्ता होईल, पण हा पदार्थ राहणार नाही.

मिश्रण अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा. आधी एक छोटी टिकली तळून मीठ बघा, कारण गोळे वळल्यावर काही करता येत नाही. मग हात गार पाण्यात बुडवत २० ते २५ ग्रॅमचे गोळे वळा, साधारण ३५ होतील. ओल्या पाटावर ठेवले तर चिकटत नाहीत.

बिडाचा तवा किंवा जाड बुडाचं पॅन मध्यम आचेवर ठेवून एक टेबलस्पून लोणी आणि एक टीस्पून तेल घाला. लोण्याचा फेस उठतो आणि मग बसतो. तो बसला, लोणी किंचित तपकिरी दिसायला लागलं की गोळे सोडा. एका वेळी दहा-बाराच. गर्दी केली की पाणी सुटतं आणि गोळे परतले न जाता करड्या रंगाचे उकडले जातात. उलथन्याने टोचत बसू नका, पॅनचा दांडा धरून हलवत राहा म्हणजे गोळे लोळतात आणि गोलच राहतात. आठ-दहा मिनिटं लागतात. पोर्क असल्यामुळे आतलं तापमान ७१ अंशांपर्यंत जायला हवं, चिकन असेल तर ७४. बाहेरून काळे आणि आतून गुलाबी राहिले तर आच जास्त होती.

प्रत्येक घाण्यानंतर पॅनमध्ये अर्धी वाटी पाणी ओतून तळाशी लागलेलं खरवडा आणि वाटीत काढून ठेवा. सॉसची खरी चव यात असते. मात्र लोणी काळं पडलं असेल तर ते टाकून द्या, नाहीतर सगळा सॉस कडवट होईल.

सॉससाठी त्याच पॅनमध्ये दोन टेबलस्पून लोणी आणि दोन टेबलस्पून मैदा मिनिटभर परता. वाटीतला रस धरून एकूण ३०० मिली गरम स्टॉक (मांस-हाडं उकळून गाळलेलं पाणी) थोडाथोडा ओतत फेटत राहा. एकदम ओतलात तर गुठळ्या होतात. पाच मिनिटं उकळू द्या, मैद्याचा कच्चेपणा गेला पाहिजे. मग आच मंद करून १५० मिली क्रीम, एक टीस्पून सोया सॉस आणि चिमूटभर पांढरी मिरपूड. सोया सॉस स्वीडिश घरांतही घालतात, त्याने रंग आणि खोली येते. स्वीडनमधलं फेटायचं क्रीम ३६ ते ४० टक्के चरबीचं असतं, ते उकळी सहन करतं. आपल्याकडचं २५ टक्क्यांचं क्रीम खळखळ उकळलं तर फुटू शकतं. मैदा त्याला बराच आधार देतो, पण आच वाढवू नकाच. मीठ शेवटी चाखून घाला, कारण स्टॉक आणि सोया दोन्ही खारट असतात.

गोळे सॉसमध्ये शिजवत ठेवायचे नाहीत, परतून आलेली कड मऊ पडते. उकडलेल्या किंवा कुस्करलेल्या बटाट्यावर सॉस घाला आणि गोळे त्याच्या शेजारी वाढा.

लिंगन या छोट्या, लाल, आंबट बेरीचा जॅम मात्र हवाच. क्रीम आणि लोण्याला तो आंबटपणा लागतो. नवी मुंबईच्या इकेआत मिळतो. नाही मिळाला तर कमी साखरेचा करवंदाचा जॅम शोभतो. सोबत दाबलेली काकडी: एका काकडीचे पातळ काप, अर्धा टीस्पून मीठ, वर वजन ठेवून अर्धा तास. पाणी काढून टाका आणि पाच टेबलस्पून साधं व्हिनेगर, दोन टेबलस्पून साखर, पांढरी मिरपूड आणि चिरलेली पार्सली घाला. स्वीडिश पाककृतीत व्हिनेगरसोबत पाणीही सांगितलेलं असतं, कारण तिथलं अॅटिका नावाचं व्हिनेगर १२ टक्के तीव्रतेचं असतं. आपलं चार-पाच टक्क्यांचं, त्यात पाणी घालू नका.

उरलेले गोळे तळून, गार करून, सुटे-सुटे फ्रीझरमध्ये गोठवा. सॉस गोठवू नका, तो नंतर पाणी सोडतो.