सहा वर्षांनी परत आलेली एलन

गेल्या रविवारी शहापूरला थोरल्या मावशीकडे गेले होते. पाऊस धो धो, लाईट गेलेली, मग बसल्या बसल्या मोबाईलवर तिला एक चित्र दाखवलं. हिरवा पायघोळ झगा, गुडघ्यापर्यंत सोडलेल्या लांब तांबड्या वेण्या, आणि दोन्ही हातांनी मुकुट डोक्यावर धरून उभी असलेली बाई. मावशीचं अर्धं आयुष्य साड्यांच्या धंद्यात गेलंय, तिने चित्र मोठं केलं आणि पहिलं विचारलं ते हेच, "हे चमकतंय ते काय गे, जर हाय की टिकल्या?"

टिकल्या नव्हेत, किड्याचे पंख. आपल्याकडे सोनपाखरू म्हणतात ना, त्या जातीच्या किड्याचे हिरवे पंख, साधारण हजारभर, एकेक करून शिवलेले. मावशी म्हणाली आम्ही लहानपणी खानापूरला काडेपेटीत घालून ठेवायचो की ते! मग पुढचा तासभर आम्ही त्या बाईबद्दलच बोलत बसलो.

बाईचं नाव एलन टेरी. १८४७ चा जन्म, इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीचा, आईबाप दोघंही गावोगाव फिरून नाटकं करणारे. १८५६ ला नऊ वर्षांची असताना लंडनच्या प्रिन्सेस थिएटरमध्ये शेक्सपिअरच्या नाटकात छोट्या राजपुत्राची भूमिका मिळाली, पहिल्याच प्रयोगाला राणी व्हिक्टोरिया बसलेली आणि ही खेळण्यातली गाडी ओढत येताना अडखळून आपटली. म्हणजे सुरुवात अशी.

सोळाव्या वर्षी लग्न झालं, नवरा वॉट्स नावाचा मोठा चित्रकार पण वयाने जवळजवळ तीस वर्षांनी मोठा, ते वर्षभरही टिकलं नाही. नंतर १८६८ मध्ये ती गॉडविन नावाच्या आर्किटेक्टबरोबर कोणाला न सांगता खेड्यात राहायला गेली, घरच्यांना वाटलं पोरगी बुडून मेली. दोन मुलं झाली. सहा वर्षं स्टेज नाही, तालीम नाही, कोंबड्या पाळायच्या, स्वयंपाक करायचा, पोरं सांभाळायची.

आणि मला तिच्या सगळ्या करिअरमध्ये सगळ्यात जास्त भिडतो तो तिथून पुढचा भाग. घरात कर्ज झालेलं, सामान जप्त करायला माणसं आलेली, आणि अशात एक दिवस रस्त्यात तिच्या गाडीचं चाक मोडलं. तेवढ्यात शिकारीला निघालेली मंडळी कुंपणावरून घोडे उडवत आली, त्यात नाटककार चार्ल्स रीड, तिचा जुना ओळखीचा. त्याने ओळखलं, म्हणाला परत स्टेजवर ये. ही म्हणाली, आठवड्याला चाळीस पौंड देणारा असेल तर येते. तो तिथल्या तिथे हो म्हणाला. तिने स्वतःच आपल्या आठवणींच्या पुस्तकात लिहिलंय हे. १८७४ ला ती परत आली.

हे सांगितलं तेव्हा मावशी गप्प झाली. मावशी लग्नाआधी गल्लीतल्या गणपतीत नाटकं करायची, हौशी मंडळाच्या स्पर्धेतसुद्धा उतरली होती, लग्न झालं आणि सगळं बंद. एकोणतीस वर्षांनी, दोन्ही मुलांची लग्नं झाल्यावर, परत एका एकांकिकेत उभी राहिली, तेव्हा विंगेत प्रॉम्प्टिंगला मी होते. एका वाक्याला ती अडली, मी हळू आवाजात शब्द दिला, तिला ऐकूच गेला नाही, पण ती हातातली घडी तशीच घालत राहिली आणि मग वाक्य आपोआप आलं. ते चार सेकंद मी अजून विसरले नाही.

एलनचं मोठं पर्व १८७८ ला सुरू झालं, हेन्री अर्व्हिंग या नट-मालकाने तिला लंडनच्या लायसियम थिएटरमध्ये घेतलं, पहिली भूमिका हॅम्लेटमधली ऑफेलिया. मग चोवीसएक वर्षं दोघं जोडीने. शेक्सपिअरच्याच 'मर्चंट ऑफ व्हेनिस'मध्ये तिची पोर्शिया, सलग अडीचशे प्रयोग झाले. आपले अण्णासाहेब किर्लोस्कर, आपल्याच बेळगाव जिल्ह्यातले, गुर्लहोसूरचे, त्यांनी १८८० ला पुण्यात शाकुंतल उभं केलं तेव्हा तिकडे लायसियममध्ये ही पोर्शिया गाजून गेली होती. फरक एवढाच की इकडे शकुंतला पुरुषच करत होते, १९०५ ला बालगंधर्व किर्लोस्करांच्याच कंपनीत आले तेसुद्धा शकुंतला म्हणूनच. गंधर्वांचं मोठेपण आहेच, पण आपल्याकडच्या किती एलन स्वयंपाकघरातच राहिल्या असतील हे माझ्या मनातून जात नाही.

तो हिरवा झगा १८८८ च्या मॅकबेथमधला, तेही शेक्सपिअरचंच नाटक, त्यात लेडी मॅकबेथ नवऱ्याला राजाचा खून करायला लावते. लेडी मॅकबेथ म्हणजे राक्षसीण असंच सगळे धरून चालायचे, हिने ती नवऱ्यावर जीव असलेली बायको म्हणून केली. पुष्कळांना पटलं नाही, पण मला तिचंच बरोबर वाटतं, प्रेमापोटी माणूस किती लांब जातं ते त्यात दिसतं. सार्जंट नावाच्या चित्रकाराने पुढच्या वर्षी ते चित्र काढलं. झगा अजून तिच्या केंटमधल्या स्मॉलहाईदच्या घरात आहे, २०११ मध्ये दुरुस्त करून परत ठेवला, तेराशे तासांचं काम झालं म्हणे. मावशीला हे तेराशे तास अगदी बरोबर वाटले, म्हणाली एका जुन्या शालूला आम्ही कितीदा बसलोय तूच बघितलंयस की.

एक मात्र राहिलंच. शेक्सपिअरच्या 'अॅज यू लाइक इट'मधल्या रोझलिंडची भूमिका तिला मनापासून हवी होती, पण कंपनी अर्व्हिंगची, नाटक निवडणार तो, आणि ते नाटक त्याने कधी लावलंच नाही. १९०६ ला तिच्या पन्नास वर्षांचा सोहळा ड्र्युरी लेनला झाला, इटलीची मोठी नटी दूझे आली, ऑपेरा गायक कारुसो गायला. उतारवयात डोळे अधू झाले, पाठांतर राहीना, तरी ती उभी राहत होती. १९२५ ला डेम झाली, म्हणजे पुरुषांना 'सर' देतात तसा बायकांचा किताब, १९२८ ला गेली.

मावशीने ते चित्र स्वतःच्या मोबाईलवर पाठवून घेतलं. आणि काल तिचा फोन, नवीन एकांकिकेच्या तालमी सोमवारपासून आहेत, आणि या वेळी तिने आधीच सांगून टाकलंय की रिक्षाचं भाडं आणि साडीचा खर्च मंडळाने द्यायचा. शनिवारी पाठांतर घ्यायला मला बोलावलंय.