ताडमाड कमला

आठवीत मी ५ फूट ७ इंच झाले होते, वर्गातल्या सगळ्या मुलांपेक्षा उंच. प्रार्थनेला रांगेत शेवटी, वर्गात शेवटचा बेंच, फोटोत मागची रांग. आई स्कर्टची दुमड सारखी उसवायची आणि उसवलेल्या जागी गडद निळा पट्टा राहायचा, धुऊन धुऊनही जायचा नाही. कोणीही घरी आलं की पहिलं वाक्य ठरलेलं, अगंबाई, काय ताडमाड वाढलीय ही!

परवा भाचीने मिस मार्व्हल हे सुपरहिरो कॉमिक वाचायला दिलं आणि हे सगळं भसाभस वर आलं. २०१४ मध्ये सुरू झालेली सीरिज, लेखिका जी. विलो विल्सन, चित्रं एड्रियन अल्फोना. कमला खान, १६ वर्षांची, पाकिस्तानी आईबापांची मुलगी, अमेरिकेत जर्सी सिटीतल्या शाळेत जाते, घरी अम्मी-अब्बूंची कडक शिस्त. पॉवर काय, तर अंग हवं तसं वाढवायचं, आकसायचं.

गंमत म्हणजे ती बहुतेक वेळा अख्खी वाढतच नाही, नुसता हात वाढतो किंवा पाय. सुरुवातीलाच झोई पाण्यात पडते, तीच वर्गातली गोड बोलून टोचणारी झोई, आणि तिला बाहेर काढायला कमलाचा एवढाssला मोठा पंजा पाण्यात जातो. बाकीची कमला त्यामानाने चिमुकली. मी त्या पानावर किती वेळ थांबले काय सांगू, कारण वयात येताना असंच होतं ना, आधी पावलं वाढतात, मग हात, आणि आपण मागून धावत असतो. आणि शाळेत तर कमलाची अजूनच पंचाईत, कंट्रोल नाही, लपायला जागा नाही, वर शिक्षा. ड्रेसचा प्रश्न मात्र तिने भारी सोडवला, घरातली बुर्किनी, म्हणजे अंगभर झाकणारा पोहण्याचा ड्रेस, घेतली आणि तिचाच सुपरहिरो ड्रेस केला. आमच्या वेळी फक्त दुमड होती.

आमच्या घरचे इंजिनिअर साहेब लगेच म्हणाले, हे शक्यच नाही, उंची दहापट झाली तर वजन हजारपट होतं आणि हाडाच्या आडव्या छेदाचं क्षेत्रफळ, म्हणजे त्याची ताकद, वाढते शंभरपटच, उभी राहिली की पाय मोडतील, गॅलिलिओने १६३८ मध्येच लिहून ठेवलंय. बरं बाबा. पण नुसता पंजा वाढला तर काय, त्यावर गॅलिलिओ गप्प, आणि साहेबही.

भाची सहावीत आहे, तिच्या चपलेचा नंबर माझ्याइतका झालाय. कॉमिक परत मागतेय. देते म्हटलं, अजून एकदा वाचू दे.