खोडदच्या दुर्बिणीवर पहिल्यांदा टाइम मिळवला तेव्हा (माझा अनुभव)

पीएचडीच्या दुसऱ्या वर्षी सर म्हणाले, दुसऱ्यांचा डेटा पुष्कळ चावून झाला, आता स्वतःचं प्रपोजल टाक. म्हणजे जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीवर निरीक्षणाचा टाइम मागणारा अर्ज, नारायणगावजवळ खोडदला आहे ती, ४५ मीटरच्या ३० डिश, त्यातल्या १४ मधे जवळजवळ आणि १६ तीन फाट्यांवर पार २५ किमीत पसरलेल्या. टाइमला पैसे पडत नाहीत आणि अर्ज जगातला कोणीही करू शकतो, वर्षातून दोनदा. फुकट म्हटल्यावर गर्दी आलीच.

पहिल्या वेळी मी सायन्सचा भाग अगदी मन लावून लिहिला आणि तास किती हवेत ते शेवटच्या संध्याकाळी अंदाजे ठोकून दिलं, १२ तास. डोक्यात हिशोब असा की जास्त मागू, कापून कापून निम्मे तरी देतील. काहीच नाही मिळालं, आणि रिव्ह्यूमधे दोनच प्रश्न, नॉइज (सिग्नलमधली खरखर) नेमका कुठपर्यंत खाली न्यायचाय, आणि १५० मेगाहर्ट्झच्या टीजीएसएस या आकाशाच्या सर्व्हेत हा सोर्स (मला बघायचा होता तो रेडिओ स्रोत) दिसतो का ते बघितलंय का. नव्हतं बघितलं!! तो सर्व्हे याच दुर्बिणीचा, नेटवर सगळ्यांना खुला. आठवडाभर सरांच्या केबिनसमोरून जाणं टाळलं.

दुसऱ्या वेळी उलट्या बाजूने सुरुवात केली. आधी टीजीएसएसचा मॅप उतरवला, सोर्सचा फ्लक्स (रेडिओत तो किती तेजस्वी आहे ते) काढला, मग बँड ४ ला म्हणजे ५५० ते ८५० मेगाहर्ट्झला तो किती उरेल, तो नॉइजच्या कितीपट वर दिसायला हवा, आणि त्यावरून तास. नॉइज निम्मा करायचा तर वेळ चौपट लागतो, हे बीएस्सीपासून पाठ आहे पण स्वतःच्या प्रपोजलमधे कधी वापरलं नव्हतं. कॅलिब्रेटरचा (फ्लक्स आधीच माहीत असलेला सोर्स, ज्यावरून आपलं मोजमाप जुळवतात) वेळ वेगळा धरूनही उत्तर आलं ५ तास. तेवढेच मागितले, तेवढेच मिळाले.

रात्रीचा स्लॉट होता. मोबाइल बंद, कंट्रोल रूममधे मी आणि ऑपरेटर काका. स्क्रीनवर अँटेनांची यादी, सी०६ च्या खाली एकदम सी०८. मी काळजीने विचारलं, काका, सी०७ बंद आहे का? मान वर न करता म्हणाले, "ती नाहीचे. नवीन आलेला प्रत्येक जण विचारतो." मग माझी कमांड फाइल (दुर्बिणीने कधी कुठे बघायचं ती यादी) चाळता चाळता थांबले. "शेवटी परत ३सी४८ हाच कॅलिब्रेटर ठेवलायस, पण तोवर तो क्षितिजापासून १७ अंशांच्या खाली गेलेला असेल, डिश तिथे वळतच नाही. ३सी१४७ घे." मी वेळापत्रक तीनदा तपासलं होतं, पण सोर्स मावळतात हे विसरून. दोन मिनिटांत ओळ बदलली, काकांनी चहा मागवला.

नंतर डेटा उघडला तर सुरुवातीच्या ३सी४८ च्या स्कॅनमधे आरएफआय (माणसांच्या उपकरणांचा रेडिओ गोंगाट) इतका की निम्म्याहून जास्त डेटा फ्लॅग करून, म्हणजे खराब म्हणून वगळून टाकावा लागला. अख्खं फ्लक्स कॅलिब्रेशन शेवटच्या त्या ३सी१४७ वर केलं.