तडजोड पुरसीस लिहिण्याआधी

राजापूर घ्या की देवगड, वाटपाच्या दाव्यातल्या सातबाऱ्यावर सामाईक नावांची रांगच असते. निम्मी माणसे मुंबईला, काही मयत आणि त्यांचे वारस अजून लागलेले नाहीत. आपसात मिटवायचे ठरले की लोक आधी पुरसिशीचा, म्हणजे न्यायालयात द्यायच्या लेखी तडजोडीचा, मसुदा करायला धावतात. आधी वारसतपास पुरा करावा.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23 नियम 3 प्रमाणे तडजोड लेखी आणि पक्षकारांच्या सहीची हवी. सही न केलेल्या सहहिस्सेदारावर ती बंधनकारक होत नाही. माहेरवाशिणींना 'त्या काय मागणार' म्हणून गाळतात आणि तिथेच पुढचा दावा पेरला जातो. चाकरमानी गणपतीला आले की सह्या होतात खऱ्या, पण पुरसीस दाखल झाल्यावर राजीखुशीने केली का, हे न्यायाधीश विचारतात. ज्याला येणे जमणार नाही त्याच्या मुखत्यारपत्रात तडजोड करण्याचा अधिकार स्पष्ट लिहिलेला असावा. वारसांत कोणी अज्ञान (अल्पवयीन) असेल तर आदेश 32 नियम 7 खाली न्यायालयाची परवानगी आधी घ्यावी.

खरी मेख मिळकतीच्या वर्णनात. 'वादीस चार आणे' एवढेच लिहिले तर हाती फक्त हिस्सा येतो, जमीन येत नाही. शेतसारा लागणाऱ्या जमिनीचे सरसनिरस वाटप, म्हणजे प्रत पाहून प्रत्यक्ष तुकडे पाडणे, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होते, म्हणजे मोजणीची वाट पाहणे आले. त्यापेक्षा आधीच मोजणी करून घ्यावी आणि नकाशावर प्रत्येकाचा तुकडा रंगवून तो पुरसिशीला जोडावा. सर्व्हे नंबर, हिस्सा नंबर, हेक्टर-आरमधले क्षेत्र, चतुःसीमा. शिवाय कोकणात ज्यावरून डोकी फुटतात ते सारे: गडगा (दगडी कुंपण) कोणाचा, विहिरीचे पाणी कोणी कधी घ्यायचे, मांगराकडे (शेतातल्या खोपटाकडे) जाणारी वाट किती फूट, दुसऱ्याच्या तुकड्यात गेलेली हापूसची कलमे कोणाची. 'वहिवाटीप्रमाणे' हा शब्द इथे घातक. वहिवाट कोणती, हाच तर वाद होता. एखाद्याला पैसे द्यायचे असतील तर रक्कम, तारीख आणि चुकल्यास काय, तेही लिहावे.

दाव्यात नसलेली जमीन पुरसिशीत घुसडू नये. नोंदणी कायद्याच्या कलम 17 मधली नोंदणीपासूनची सूट दाव्यातल्या मिळकतीपुरतीच आहे. बाहेरची जमीन घातली की हुकूमनामा (न्यायालयाची डिक्री) नोंदवावा लागतो. ज्याचा आधी हक्कच नव्हता त्याला नव्याने मालकी दिली तरी तीच गत. वाटपाच्या अंतिम हुकूमनाम्याला मुद्रांकही लागतो.

लोकअदालतीत मिटवले तर कोर्ट फी परत मिळते आणि निवाड्यावर अपील नसते. तडजोडीच्या हुकूमनाम्यावरही अपील नाही. तो रद्द करायला वेगळा दावाही चालत नाही (आदेश 23 नियम 3अ). फसवणूक झाली म्हणणाऱ्याने त्याच न्यायालयात जायचे. म्हणून सहीपूर्वी नकाशा हातात घेऊन जागेवर एक फेरी मारावी.

हुकूमनाम्याने सातबारा आपोआप बदलत नाही. नक्कल घेऊन तलाठ्याकडे फेरफाराचा अर्ज द्यावा आणि मंडळ अधिकाऱ्याने नोंद प्रमाणित केली का, ते पाहावे. घर असेल तर ग्रामपंचायतीची घरपट्टी वेगळी बदलावी लागते.