बरडच्या वाटेवरची दुपार

नीरेचा पूल ओलांडला तरी माझं भावजयीशी मनातल्या मनात भांडण चालू होतं. ती साताऱ्यात, मी वारीत. पुण्याहून सासवडचा तो न संपणारा टप्पा, त्यात एकादशी, दिवे घाटात रथाला जादा बैलजोड्या लावलेल्या, आजूबाजूचे लोक घाम पुसत ‘माउली माउली’ करतायत, आणि मी मनात आईच्या पाटल्यांचा हिशेब मांडत होते. कोणाला काय मिळालं, कोण काय बोललं, आणि तेव्हा मी काय बोलायला हवं होतं. वारीत मन रिकामं होतं म्हणतात. माझं आधी चांगलं भरून वाहिलं. जेजुरीत भंडारा डोक्यावर पडला तोसुद्धा मी झटकला, ओढणीला डाग पडतो म्हणून.

पहाटे तीनला टँकरपाशी बायकांची रांग. अंधार आहे तोवर आंघोळ उरकायची, कारण उजाडलं की आडोसा संपतो. रांगेत बादली ठेवून माणूस गायब होतो आणि नेमकी आपली पाळी आली की उगवतो. पस्तीस मुलांचा वर्ग सांभाळायची सवय असल्यामुळे मी शिस्त लावायला गेले. एक आजी म्हणाल्या, “बाई, शाळा सुरू झाली का?” सगळ्या हसल्या. तंबूत माझ्या शेजारची बाई इतकी घोरायची की काकड्याला उठायचा त्रास नव्हता, मी जागीच असायचे. आणि तीच बाई चालताना गौळण म्हणायला लागली की पुढच्या टाळकऱ्यांच्या माना मागे वळायच्या. एकाच गळ्यातून दोन्ही कसं निघतं, देव जाणे.

लोणंदच्या पुढे पाऊस लागला, चांदोबाच्या लिंबापाशी उभं रिंगण, म्हणजे दिंड्यांच्या दोन रांगांमधून अश्व धावतो ते, भिजत पाहिलं. बूट आतून ओले झाले ते वाळलेच नाहीत. फलटण सोडलं तेव्हा ऊन पडलं, आणि पिंप्रदचा विसावा झाल्यावर उजव्या चवड्याखाली काहीतरी सरकल्यासारखं वाटलं. फोड. मोठा होता. मी टाचेवर चालायला लागले, मग पावलाच्या कडेवर, मग कमरेतून वाकडी होऊन. टाळांचा ठेका पुढे जात राहिला. आमची दिंडी दिसेनाशी झाली, मागच्या दिंड्या येऊन निघून गेल्या, आणि मला एकदम रडू आलं. पायासाठी की पाटल्यांसाठी, आता सांगता येणार नाही. त्यात एक तरुण मोबाईल समोर धरून आला आणि म्हणाला, “माउली, जरा हसा ना.” त्याला मी काय म्हणाले ते इथे लिहीत नाही.

रस्त्याच्या कडेला बाभळीखाली एक म्हातारं जोडपं बसलं होतं. बाबा पताकेची काठी मांडीवर घेऊन कापड दाभणानं टाचत होते. मला बघून म्हणाले, “बसा माउली. पाय बोलायलाय तुमचा.”

आजींनी विचारलं नाही, सरळ पाय ओढला. मी म्हटलं, “राहू द्या आजी, धुतलेला नाही.”

“मंग? धुऊन कुटं लग्नाला जायचंय, माय?”

चिखल, मोज्याचे धागे, घाण वास, असा तो पाय त्यांनी आपल्या लुगड्यावर, मांडीवर घेतला. मी सारखी मागे खेचत होते, त्या तितक्याच ताकदीनं धरून होत्या. मला कोणी काही करून दिलेलं सोसत नाही. घरी तापातसुद्धा मी उठून चहा करते आणि मग सगळ्यांवर चिडते. माझा पाय कुणाच्या मांडीवर शेवटचा कधी होता, आठवेना.

बाबांनी दाभण पुढे केलं. आजी कडाडल्या, “बैल हाय का ती?” मग पिशवीतून, पिशवीतल्या पिशवीतून, तिच्यातल्या डबीतून सुई निघाली. काडी ओढून तिचं टोक तापवलं. दोरा खोबरेल तेलात बुडवला. फोडाच्या एका कडेनं सुई घातली, दुसऱ्या कडेनं अलगद काढली, आणि दोरा तसाच आत ठेवून दोन्ही टोकं बोटभर सोडून दातांनी तोडला. पाणी दोऱ्यावाटे झिरपून जातं, वरची कातडी शाबूत राहते. “फोडायचा नस्तो, ववायचा अस्तो,” आजी म्हणाल्या. (डॉक्टरांना विचाराल तर नकोच म्हणतील. बरडच्या मदत केंद्रावरच्या मुलानं तो दोरा बघून कपाळाला हात लावला आणि निमूटपणे मलम दिलं.)

पाणी झिरपेपर्यंत बसून राहिले. ते परभणीकडचे. सोयाबीन पेरून निघालेले, आणि मागे पावसानं ओढ दिलेली. बाबांनी मुलाला फोन लावला. “पडला का?” एवढंच विचारलं, ऐकलं आणि ठेवला. दुबार पेरणी करावी लागली तर बियाण्याचा खर्च पुन्हा. मी विचारलं, “बाबा, मग काळजी नाही वाटत?”

“पेरलं, आपलं काम झालं. उगवायचं त्येचं त्येच्याकडं.”

“लई मोठे संत,” आजी म्हणाल्या. “रातभर कूस बदलून बदलून मला झोपू देईनात.”

काय द्यावं सुचेना. पिशवीत वाटपात मिळालेल्या राजगिऱ्याच्या वड्या होत्या, त्या त्यांच्याकडेही ढीगभर होत्या. शेवटी त्यांनीच विचारलं, “पिन हाय का?” पदराला लावलेली सेफ्टी पिन काढून दिली. उठताना मी पाया पडायला वाकले, त्या माझ्या पाया पडायला वाकल्या, आणि डोकी आपटली. बाबा इतके हसले की ठसका लागला.

बरडला पोचले तेव्हा माझ्या ध्यानात आलं, पिंप्रदपासून भावजय आली नव्हती. रात्री पुन्हा आली, पण आवाज बसल्यासारखी.

पुढचे दिवस एकमेकांत मिसळले आहेत. धर्मपुरीला सोलापूर जिल्हा लागला. पुरंदवड्याच्या गोल रिंगणात मला अश्व दिसला नाही, माणसांच्या पाठी दिसल्या. टापांखालची माती मात्र कोणीतरी माझ्याही कपाळाला लावली. एका मुक्कामी समाजआरतीला चोपदारांनी दंड उंचावला, सगळा तळ गप्प झाला, आणि फक्त आमचे टाळ वाजत राहिले. तक्रार असलेल्या दिंडीनं टाळ थांबवायचे नसतात, चोपदारांनी येऊन गाऱ्हाणं ऐकेपर्यंत. आमची तक्रार पाण्याची होती. माझ्या शेजारची घोरणारी बाई सगळ्यात जोरात टाळ बडवत होती, आणि मला तिचा पहिल्यांदाच अभिमान वाटला. ऐकून घेतलं, पाण्याचं बघतो म्हणाले, टाळ थांबले. मग हरवलं-सापडलंची यादी: एक चष्मा, एक पिशवी, टाळांपैकी एकच टाळ.

वेळापूरच्या धाव्याला, सगळे वारकरी धावत सुटतात तिथे, मीही पळाले. दोरा तोवर आपोआप गळून गेला होता.

पंढरपुरात दर्शनाची रांग पाहिली, नामदेव पायरीला डोकं टेकलं, कळसाला हात जोडले आणि एसटी स्टँड गाठलं. साताऱ्याच्या गाडीच्या खिडकीतून एका बाईनं सीटवर रुमाल टाकला. मी आत आधी पोचले होते. रुमाल उचलून तिच्या हातात दिला. “माउली, जागा धरली होती मी,” ती म्हणाली. “माउली, रुमालाला तिकीट नसतं,” मी म्हणाले. भांडण चांगलं नातेपुत्यापर्यंत चाललं, मग तिनं शेंगदाण्याचा लाडू काढला, मी खाल्ला, आणि बरड कधी मागे गेलं ते दोघींनाही कळलं नाही, कारण दोघी झोपलो होतो. भावजयीला अजून फोन केलेला नाही. बुक्का आणि प्रसाद तिच्यासाठी वेगळा काढून ठेवलाय, बघू.